पेशी एकमेकींना धरून कशा राहतात? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पदवीच्या मुलांना पेशीशास्त्र शिकवताना, आणि त्याहून जास्त वेळा ओळखीच्या माणसांशी गप्पा मारताना, पुन्हा पुन्हा समोर आलेले हे प्रश्न. काही परीक्षेतले आहेत, काही दवाखान्यातून परत आलेल्या माणसांचे. उत्तरं लहानमोठी आहेत, कारण काही प्रश्नांत सांगण्यासारखं खूप आहे आणि काहींत दोन वाक्यांपलीकडे नाही.

पेशींच्या मध्ये डिंकासारखं काही असतं का?

बहुतेक जण तसंच धरून चालतात. पण जरा विचार करा. पेशीचं पटल म्हणजे ५ ते १० नॅनोमीटर जाडीचा स्निग्ध पापुद्रा, आमटीवरच्या तवंगासारखा वाहता. दोन तवंग एकमेकांना कितीही पक्क्या डिंकाने चिकटवले, तरी ओढल्यावर डिंक सुटायच्या आधी तवंगच फाटणार. मग आपण कोपर वाकवतो, गालाला चिमटा घेतो, पोट भरून जेवतो, तेव्हा पेशी फाटत का नाहीत?

कारण ताण पटलावर येऊच दिला जात नाही. पटलातून आरपार गेलेली प्रथिने असतात. त्यांचं बाहेरचं टोक शेजारच्या पेशीच्या तशाच प्रथिनात अडकलेलं असतं आणि आतलं टोक मधल्या काही प्रथिनांमार्फत पेशीच्या अंतर्गत सांगाड्याला बांधलेलं असतं. हा सांगाडा म्हणजे प्रथिनांच्या तंतूंचं जाळं. ओढ बसली की ती एका पेशीच्या तंतूंवरून जोडातून पलीकडच्या पेशीच्या तंतूंवर जाते, तिथून पुढच्या पेशीवर. म्हणजे प्रत्यक्षात सांगाड्याला सांगाडा बांधलेला असतो आणि पटल मध्ये नुसतं असतं. ही एक गोष्ट पक्की लक्षात राहिली, तर खालच्या निम्म्या प्रश्नांची उत्तरं तुमची तुम्हालाच सुचतील.

म्हणजे सगळं शरीर या जोडांवरच उभं आहे?

नाही. हाडं, कूर्चा, स्नायूला हाडाशी बांधणारे कंडरा आणि कातडीचा खालचा चिवट थर, म्हणजे संयोजी ऊती, यांत पेशी एकमेकींपासून लांब लांब असतात. तिथे भार पेलतं ते पेशींनी स्वतःभोवती विणलेलं कोलॅजनचं जाळं. जोडांचं राज्य चालतं ते अभिस्तर ऊतींमध्ये: कातडीचा वरचा थर, तोंड, आतडं, मूत्रनलिका, मूत्राशय, रक्तवाहिन्यांचं अस्तर. आणि हृदयाच्या स्नायूत. खाली मी बोलणार आहे ते मुख्यतः याच ठिकाणांबद्दल.

वनस्पतींतही हेच असतं का?

नाही. वनस्पतींच्या पेशींना भिंत असते आणि दोन भिंतींच्या मध्ये पेक्टिनचा थर. तिथे डिंकाची उपमा खरंच चालते. बटाटा उकडला की हे पेक्टिन सैल होतं, पेशी सुट्या होतात आणि बटाटा पिठूळ लागतो. मटण शिजून मऊ होतं त्याचं कारण वेगळं: तिथे कोलॅजनचं जिलेटिन होतं.

जोड किती प्रकारचे असतात? नावं लक्षातच राहत नाहीत.

नावं पाठ करू नका. लहान आतड्याच्या अस्तरातली एकच पेशी डोळ्यांसमोर आणा, उभ्या विटेसारखी, आणि तिच्या कडेने वरून खाली या.

अगदी वर, अन्नाच्या बाजूला, टाइट जंक्शन. इथे दोन शेजारणींची पटलं एकमेकींना जवळजवळ भिडलेली असतात. काम दरजा बुजवण्याचं. त्याच्या लगेच खाली अॅडहेरन्स जंक्शन, पेशीच्या चारी बाजूंनी फिरलेला पट्टा. त्याच्या आतून अॅक्टिनच्या तंतूंची दोरी जाते आणि ती आवळता येते. परकराचा नेफा आणि त्यातली नाडी आठवा. मी वर्गात हीच उपमा देते आणि मुली लगेच हसतात, मुलांना मात्र ट्रॅकपँट सांगावी लागते. त्याच्याखाली इकडेतिकडे डेस्मोसोम, म्हणजे टिचबटणं: ठिपक्याएवढी जागा, पण पकड घट्ट. आतून केराटिनचे दोर बांधलेले. याच कडेवर कुठे कुठे गॅप जंक्शन, दोन घरांच्या सामाईक भिंतीतली खिडकी, जिच्यातून वाटी-वाटीने साखर इकडून तिकडे जाते. आणि तळाशी हेमिडेस्मोसोम. हे पेशीला पेशीशी बांधत नाही, आधारपटलाला, म्हणजे पेशींच्या थराखाली पसरलेल्या पातळ चादरीला बांधते.

वरचे तीन याच क्रमाने असतात हे १९६३ साली मॅरिलिन फारकर आणि जॉर्ज पलाडे यांनी उंदीर आणि गिनीपिगच्या वेगवेगळ्या अवयवांचे इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली फोटो काढून दाखवलं. आजही पाठ्यपुस्तकांत जी आकृती असते ती मुळात त्यांचीच.

डेस्मोसोम पहिल्यांदा कोणाला दिसलं?

१८६४ साली जुलिओ बित्सोझेरो या इटालियन वैज्ञानिकाला, साध्या प्रकाश सूक्ष्मदर्शकातून. कातडीच्या काटेरी पेशींच्या थरात त्याला बारीक गाठी दिसल्या आणि त्याने त्या पेशी जिथे भिडतात त्या जागा म्हणून ओळखल्या. डेस्मोसोम हे नाव १९२० साली योझेफ शाफर याने दिलं: ग्रीकमध्ये डेस्मोस म्हणजे बंध, सोमा म्हणजे शरीर. तरीही बराच काळ अनेकांची समजूत अशी होती की या ठिकाणी एका पेशीतला द्रव पुलासारखा सरळ दुसरीत गेलेला असतो. १९५०च्या दशकात ऊती इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली पाहता येऊ लागल्या आणि पूल वगैरे काही नाही, दोन्ही पेशींची पटलं शाबूत आहेत, हे दिसलं.

यातली गंमत सांगते. त्या थराला काटेरी म्हणतात, पण जिवंत कातडीत काटे नसतात. स्लाइड तयार करताना ऊतीतलं पाणी काढून टाकतात, पेशी आक्रसतात आणि एकमेकींपासून मागे सरतात. फक्त डेस्मोसोमच्या जागा सुटत नाहीत. तिथे पटल ताणून टोकदार होतं. सूक्ष्मदर्शकाखाली दिसणारा प्रत्येक काटा म्हणजे न सुटलेलं एक टिचबटण. एका डेस्मोसोमचा व्यास मिलिमीटरच्या दोन हजाराव्या भागाएवढा किंवा त्याहूनही लहान, आणि तरी पेशी सुकून आक्रसते तेव्हा ते धरून ठेवतं.

शाळेत गालाच्या आतल्या पेशी काठीने खरवडून पाहिल्या होत्या. एवढे जोड असतील तर त्या इतक्या सहज कशा निघाल्या?

हा प्रश्न विचारणाऱ्याला मी पूर्ण गुण देते. निघाल्या कारण त्या निघायच्याच होत्या. गालाच्या अस्तरात नव्या पेशी तळाशी तयार होतात आणि वर सरकत जातात. पृष्ठभागावर पोचेपर्यंत त्यांचे जोड विरघळायला लागलेले असतात. तुम्ही सुटत आलेल्या खपल्या उचलल्या. जोर लावून खालपर्यंत खरवडलं असतं तर रक्त आलं असतं आणि बाईंनी ओरडा दिला असता तो वेगळा.

कातडीचंही तसंच. सर्वांत वरच्या मृत पेशींमध्ये डेस्मोसोमचंच एक बदललेलं रूप असतं आणि कातडीतली विकरं त्याला ठरावीक वेळी कापत राहतात. दिवाळीला उटणं लावून चोळल्यावर हाताखाली ज्या वळ्या निघतात त्यांत असे कापले गेलेले जोड असलेल्या पेशी पुष्कळ असतात. हे कापणं बिघडलं तर कातडीवर खवले साचतात.

कॅल्शियमचा याच्याशी काय संबंध?

फार जवळचा. अॅडहेरन्स जंक्शन आणि डेस्मोसोम या दोन्हींत बाहेर डोकावणारी प्रथिने कॅडहेरिन घराण्यातली असतात. कॅडहेरिनची बाहेरची बाजू म्हणजे एकापुढे एक पाच मणी. मण्यांच्या मधल्या सांध्यांत कॅल्शियमचे आयन बसले की माळ ताठ उभी राहते आणि समोरच्या माळेत अडकू शकते. कॅल्शियम काढलं की ती लुळी पडते, आणि लुळ्या प्रथिनाला विकरं सहज कापतात.

हा शोध लागला तो एका चुकलेल्या प्रयोगातून. मासातोशी ताकेइची क्योटोमध्ये पेशी सुट्या करून पुन्हा एकत्र येतात का ते पाहत होते. अमेरिकेत कार्नेगी संस्थेत गेल्यावर तोच प्रयोग केला, तर पेशी एकत्र येईनातच. कारण शोधलं तेव्हा कळलं की पेशी सुट्या करायला वापरायच्या ट्रिप्सिन या प्रथिने कापणाऱ्या विकराच्या तिथल्या द्रावणात ईडीटीए मिसळलेलं असे, जे कॅल्शियमला पकडून ठेवतं. म्हणजे कॅल्शियम असताना ट्रिप्सिन ज्या प्रथिनाला हात लावू शकत नव्हतं, ते कॅल्शियम गेल्यावर तुटत होतं. १९७७ साली त्यांनी हे मांडलं आणि १९८४ साली त्या प्रथिनाला कॅडहेरिन नाव दिलं.

पेशी वाढवणाऱ्या प्रयोगशाळांत आजही हेच द्रावण रोज वापरतात. बाटलीत ओतायचं, सूक्ष्मदर्शकाखाली ठेवायचं. पहिल्या मिनिटाला काही होत नाही. मग फरशीसारख्या पसरलेल्या पेशींच्या मधल्या रेषा उजळ होतात, कडा मागे सरतात, एकेक पेशी गोल होते आणि बाटलीला टिचकी मारली की सगळ्या साबुदाण्यासारख्या तरंगायला लागतात. एकदा मी फोन घ्यायला बाहेर गेले आणि द्रावण तसंच राहिलं. परत येईपर्यंत दोन आठवडे जपलेल्या पेशींचा चिकट लगदा झाला होता. त्या दिवसापासून टायमर लावल्याशिवाय बाटलीला हात लावत नाही.

मग कॅल्शियमच्या गोळ्या घेतल्या तर कातडी घट्ट होईल?

नाही. रक्तातलं कॅल्शियम शरीर फार कडक हिशोबाने राखतं आणि जोडांना लागेल तेवढं ते आधीच असतं. गोळ्या हाडांसाठी डॉक्टरांनी दिल्या असतील तर घ्या.

कॅल्शियमवरून एक आजार मात्र आठवतो, हेली-हेली. यात पेशीच्या आतला कॅल्शियम वाहून नेणारा पंप जन्मतः अधू असतो. काखेत, मानेवर, जांघेत, म्हणजे जिथे घाम आणि घर्षण आहे तिथे, कातडीच्या पेशी सुट्या होऊन चिरा आणि ओल्या जखमा होतात. पुष्कळांना वर्षानुवर्षं बुरशीचा संसर्ग म्हणून मलमं लावली जातात.

चालून चालून तळपायाला फोड येतो तेव्हा नेमकं काय सुटतं?

वारीला जाऊन आलेल्या एका काकांचा हा प्रश्न. चप्पल घासते तेव्हा वरचा निबर थर आणि खालची कातडी वेगवेगळ्या वेगाने सरकतात. मधल्या काटेरी पेशींच्या थरावर कातरण्याचा ताण पुन्हा पुन्हा येतो. त्यात पेशी फाटतात, मधे फट पडते आणि खालून रक्तद्रवासारखं पाणी येऊन ती भरतं. तळाच्या पेशी शाबूत राहतात, म्हणून काही दिवसांत नवी कातडी येते आणि वण राहत नाही. इथे जोड कमजोर नसतो. ताणच हद्दीबाहेर गेलेला असतो.

पेंफिगस म्हणजे काय? तो संसर्गजन्य आहे का?

आधी दुसऱ्याचं उत्तर: नाही. शेजारी बसल्याने, ताट वापरल्याने, कपडे एकत्र धुतल्याने होत नाही. हे ठळक सांगावं लागतं, कारण अंगावर ओले फोड असलेल्या माणसाला घरातच वेगळं बसवल्याचं मी पाहिलं आहे.

यात शरीर स्वतःच्याच डेस्मोसोमविरुद्ध अँटिबॉडी तयार करतं. डेस्मोसोममधल्या कॅडहेरिनना डेस्मोग्लीन म्हणतात आणि कातडीत त्यांचे दोन प्रकार महत्त्वाचे: डेस्मोग्लीन-१ आणि डेस्मोग्लीन-३. तोंडाच्या आत मुख्य भार तीनवर असतो. कातडीत तीन तळाकडे जास्त, एक वरच्या थरांत जास्त. आता या आजाराचं वागणं आपोआप उलगडतं. फक्त तीनविरुद्ध अँटिबॉडी असतील तर तोंडात जखमा होतात, पण कातडी बहुधा वाचते, कारण तिथे डेस्मोग्लीन-१ मदतीला असतं. दोन्हींविरुद्ध असतील तर कातडीही जाते. फक्त डेस्मोग्लीन-१विरुद्ध असतील तर तोंड साफ राहतं आणि कातडीचा अगदी वरचा पापुद्रा सुटतो. या तिसऱ्या प्रकाराला पेंफिगस फोलिएशियस म्हणतात. पहिल्या दोहोंना पेंफिगस व्हल्गॅरिस.

स्लाइडवर व्हल्गॅरिस एकदा पाहिला की विसरत नाही. फोडाच्या तळाशी तळाच्या पेशींची एकच ओळ उभी असते. त्या आधारपटलाला घट्ट धरून असतात कारण हेमिडेस्मोसोमला धक्का लागलेला नसतो, पण आजूबाजूच्या शेजारणींचे हात सुटलेले. डॉक्टर तिला थडग्यांची रांग म्हणतात. वरच्या पोकळीत गोल झालेल्या सुट्या पेशी तरंगत असतात, ट्रिप्सिन टाकलेल्या बाटलीतल्यासारख्याच.

सुरुवात अनेकदा तोंडातल्या जखमांनी होते आणि माणूस महिनोन्महिने उष्णता वाढली म्हणून जिरं-खडीसाखर खात राहतो. तोंडातल्या जखमा तीन-चार आठवड्यांत भरल्या नाहीत, किंवा भरून पुन्हा नवीन येत राहिल्या, तर त्वचारोगतज्ज्ञाला दाखवा. स्टेरॉइड येण्यापूर्वी या आजारात बहुतेक रुग्ण दगावत. आज तसं नाही. १९८०च्या दशकात दिल्लीच्या एम्समध्ये डॉ. जे. एस. पसरिचा यांनी डेक्सामेथासोन आणि सायक्लोफॉस्फमाइडचे मोठे डोस ठरावीक अंतराने देण्याची पद्धत रुळवली आणि भारतात ती खूप वापरली गेली. २०१८ साली अमेरिकेच्या औषध नियामकाने रिटुक्सिमॅबला या आजारासाठी मान्यता दिली. ते अँटिबॉडी बनवणाऱ्या बी पेशींनाच कमी करतं.

एक जोडटीप. लहान बाळांत स्टॅफिलोकॉकस जंतूंमुळे भाजल्यासारखी कातडी सुटते, तिथे जंतूचं विष नेमकं डेस्मोग्लीन-१ कापतं. म्हणून तिथेही तोंडाचं अस्तर वाचतं. एकाच प्रथिनावर अँटिबॉडीने घाला घातला काय आणि जंतूने कात्री चालवली काय, कातडी सुटते त्याच थरात.

आमच्या आजीला पेंफिगॉइड सांगितलंय. तेच का हे?

नाव जवळचं, आजार वेगळा. यात हल्ला हेमिडेस्मोसोमवर होतो, म्हणजे अख्खा वरचा थर आधारपटलापासून उचलला जातो. फोडाचं छत जाड असल्याने फोड टणक, भरलेले दिसतात आणि लगेच फुटत नाहीत. पेंफिगसचे फोड लिबलिबीत, बोट लागताच फुटणारे. पेंफिगॉइड बहुधा उतारवयात होतो, खाज खूप असते, तोंडात क्वचित होतो. उपचारांबद्दल तिच्या डॉक्टरांशीच बोला.

टाइट जंक्शन असताना आतड्यातून पाणी आत-बाहेर कसं जातं?

कारण टाइट म्हणजे बंद नव्हे. या जोडातली मुख्य प्रथिने क्लॉडिन, १९९८ साली शोइचिरो त्सुकिता आणि मिकिओ फुरुसे यांच्या प्रयोगशाळेने शोधलेली. लॅटिनमध्ये क्लाउडेरे म्हणजे बंद करणं. नाव ठेवलं आणि मग लक्षात आलं की या घराण्यात दोन डझनांच्या आसपास प्रकार आहेत आणि त्यातले काही चक्क दारं आहेत. कोणत्या अवयवात कोणते क्लॉडिन, त्यावर तिथली दरज किती आणि कशासाठी झिरपते ते ठरतं. मूत्राशयाचं अस्तर जवळजवळ पक्कं बंद, लहान आतडं बऱ्यापैकी झिरपतं. मूत्रपिंडाच्या एका भागात क्लॉडिन-१६ असतं आणि मॅग्नेशियम परत रक्तात येण्यासाठी ते लागतं. ते जन्मतः बिघडलेलं असेल तर मॅग्नेशियम लघवीवाटे जात राहतं. उलट क्लॉडिन-१ नसलेली उंदराची पिल्लं जन्मल्यावर एका दिवसात मरतात, कारण कातडीतून पाणी उडून जातं.

पटकीचं उदाहरण इथे चांगलं आहे. लोकांना वाटतं आतड्याचं अस्तर सोलून निघतं म्हणून एवढे जुलाब होतात. तसं नसतं. पटकीचं विष पेशींना क्लोराइड बाहेर ओतायला लावतं आणि सोडियम त्याच्या मागोमाग पेशींच्या मधल्या दरजांतून येतं, पाणीही मागून. अस्तर शाबूत असतं. म्हणूनच तर मीठ-साखरेचं पाणी पाजून भागतं: शोषून घेणारी यंत्रणा चालूच असते.

‘लीकी गट’ खरं आहे का? त्यावरच्या पावडरी घ्याव्यात का?

आतड्याची झिरपण्याची क्षमता काही आजारांत वाढते हे खरं आहे. सीलिअॅक आणि क्रोन या आजारांत ते मोजलं गेलं आहे. पण थकवा, केस गळणं, चिडचिड, वजन वाढणं, सगळ्याचं मूळ एका झिरपत्या आतड्यात शोधून वर महिन्याची पावडर गळ्यात मारणं, हे दुकान आहे. आतड्याचं अस्तर तीन ते पाच दिवसांत बदलतं आणि जोड रोज नव्याने बांधले जातात. पोटाचा त्रास सतत असेल तर तपासणी करा, पावडरीचे पैसे त्याला लावा.

एवढ्या भराभर पेशी बदलतात तर मधे भोकं पडत नाहीत?

पडायला हवीत, पण पडत नाहीत. जायला निघालेल्या पेशीभोवतीच्या शेजारणी आपापल्या नाड्या आवळतात. पेशी खालून दाबली जाऊन वर ढकलली जाते आणि तिच्याखाली शेजारणींचे जोड एकमेकांना मिळतात, तेही ती पूर्ण बाहेर पडायच्या आधी. पंगतीतून एक जण उठायच्या आतच दोघांनी पाट सरकवून घ्यावेत, तसं.

पेशींना आपलं कोण हे कळतं कसं?

१९०७ साली एच. व्ही. विल्सन यांनी समुद्रातला जिवंत स्पंज बारीक रेशमी कापडातून पिळून काढला. आपण वस्त्रगाळ म्हणतो तसं. सुट्या झालेल्या पेशी भांड्याच्या तळाशी सरपटत एकत्र आल्या आणि त्यांचा पुन्हा स्पंज झाला. १९५५ साली टाउन्स आणि होल्टफ्रेटर यांनी बेडकासारख्या उभयचरांच्या भ्रूणांतल्या पेशी सुट्या करून एकत्र मिसळल्या. त्या नुसत्या चिकटल्या नाहीत, तर वेगवेगळ्या होऊन आपापल्या थरांत बसल्या. कातडी होणाऱ्या बाहेर, इतर आत.

पुढे कॅडहेरिन सापडली तेव्हा या निवडीचा एक मोठा भाग समजला. ई-कॅडहेरिन असलेली पेशी ई-कॅडहेरिनवाल्यांना धरते, एन असलेली एनवाल्यांना. भ्रूणाच्या पाठीवरचा पट्टा वळून मज्जानलिका होते तेव्हा तिथल्या पेशी ई सोडून एन धरतात आणि वरच्या कातडीपासून अलग होतात. पण नुसतं नाव महत्त्वाचं नाही, प्रमाणही. तेच कॅडहेरिन जास्त असलेल्या पेशी मध्यभागी गोळा होतात, कमी असलेल्या कडेला. स्पंजमध्ये मात्र पकड करणारा पदार्थ वेगळा आहे, तो कॅडहेरिन नाही.

माणसात हे जोड कधीपासून असतात?

फलनानंतर तिसऱ्या-चौथ्या दिवसापासून. आठ-सोळा पेशींपर्यंत भ्रूण म्हणजे पिशवीत ठेवलेल्या गोट्या, प्रत्येक वेगळी मोजता येते. मग त्या एकमेकींना ओढून घेतात, मधल्या रेषा पुसट होतात आणि एकच गुळगुळीत गोळा दिसतो. टेस्ट ट्यूब बेबी केंद्रांत भ्रूणाची प्रत ठरवताना हे पाहतात. यामागे ई-कॅडहेरिन असतं. उंदराच्या भ्रूणाभोवतीचं कॅल्शियम काढून घेतलं तर गोट्या पुन्हा सुट्या होतात.

हृदय आणि कातडीचा आजार एकाच कुळातला असू शकतो?

असतो. ग्रीसच्या नॅक्सोस बेटावरच्या काही कुटुंबांत मुलांचे केस जन्मापासून लोकरीसारखे, हातापायांचे तळवे जाड, आणि तरुणपणी हृदयाचे ठोके बिघडून अचानक मृत्यू, असं आढळलं. १९८६ साली याची नोंद झाली, २००० साली जनुक सापडलं: प्लॅकोग्लोबिन, डेस्मोसोमला आतून तंतूंशी बांधणारं प्रथिन. वरवर पाहता केस, तळवे आणि हृदय यांचा काय संबंध? संबंध एवढाच, की तिन्ही ठिकाणी ताण रोजचा आहे. हृदय दिवसाला लाखभर वेळा आकुंचन पावतं. तिथल्या पेशी टोकाला टोक लावून डेस्मोसोमने बांधलेल्या असतात. बांधणी सैल असेल तर स्नायूपेशी मरतात, त्यांच्या जागी चरबी आणि तंतू भरतात आणि विजेचा मार्ग विस्कटतो.

वीज एका पेशीतून दुसरीत जाते ती शेजारच्याच गॅप जंक्शनमधून. कनेक्सिन नावाच्या सहा प्रथिनांचं एक कडं, समोरच्या पेशीतही तसंच, दोन्ही जुळले की मधून सुमारे दीड नॅनोमीटरची नळी. आयन आणि लहान रेणू जातात, प्रथिने जात नाहीत.

गॅप जंक्शन बिघडलं तर काय होतं?

सर्वांत जास्त दिसणारं उदाहरण बहिरेपणाचं. कानाच्या शंखात कनेक्सिन-२६ असतं आणि त्याच्या जनुकातले दोष हे जन्मजात बहिरेपणाच्या आनुवंशिक कारणांत अनेक देशांत पहिल्या क्रमांकावर आहेत. भारतीय कुटुंबांत डब्ल्यू२४एक्स नावाचा बदल पुन्हा पुन्हा सापडतो. आईवडील दोघांनाही नीट ऐकू येतं आणि मूल बहिरं जन्मतं, कारण दोघांकडे एकेक बिघडलेली प्रत असते. घरात खापर फोडायला आईच सापडते, म्हणून हे लिहिते.

डास चावल्यावर गांध का उठते?

हिस्टामिनमुळे बारीक शिरांच्या अस्तरातले जोड काही मिनिटांसाठी सैल होतात आणि रक्तद्रव बाहेर झिरपतो. पित्ताच्या गांधींतही तेच. पांढऱ्या पेशी जखमेकडे जाताना याच दरजांतून अंग चोरून बाहेर पडतात आणि दरज मागे मिटते.

कर्करोग पसरतो तो जोड तुटल्यामुळे का?

काही वेळा, पण एवढं सरळ नाही. स्तनाच्या लोब्युलर कर्करोगात ई-कॅडहेरिन बहुधा नाहीसं झालेलं असतं आणि स्लाइडवर पेशी मुंग्यांसारख्या एकामागे एक रांगेने जाताना दिसतात. १९९८ साली न्यूझीलंडच्या एका माओरी कुटुंबात पिढ्यान्पिढ्या तरुण वयात होणाऱ्या जठराच्या कर्करोगाचं मूळ ई-कॅडहेरिनच्याच जनुकात सापडलं. पण इतर कित्येक कर्करोगांच्या पेशी ई-कॅडहेरिन राखून, घोळक्याने पसरतात. तेव्हा जोड तुटला की कर्करोग, असं समीकरण मांडू नका.

जन्मतःच जोड बिघडलेला असेल तर दुरुस्त करता येतो का?

बहुतेकदा जखमा जपणं एवढंच हातात असतं. एका मुलाची गोष्ट मात्र वेगळी आहे. २०१५ साली जर्मनीत बोखुमच्या रुग्णालयात सीरियातून आलेल्या कुटुंबातला सात वर्षांचा मुलगा दाखल झाला. हेमिडेस्मोसोम आधारपटलातल्या ज्या प्रथिनाला, लॅमिनिनला, धरतं, त्याचंच जनुक त्याच्यात बिघडलेलं. अंगावरची बहुतेक कातडी गेलेली. इटलीतल्या मिकेले दे लुका यांच्या गटाने त्याच्या जांघेतून फोड नसलेली चार चौरस सेंटिमीटर कातडी घेतली, तिच्या पेशींत जनुकाची चांगली प्रत घातली आणि त्यांचे पत्रे वाढवले. तीन शस्त्रक्रियांत त्याच्या अंगाचा सुमारे ८० टक्के भाग त्यांनी झाकला. २०१७ साली अहवाल छापून आला तोपर्यंत २१ महिने उलटून गेले होते. नवी कातडी घासून पाहिली, तरी फोड आले नाहीत.